शेंदराखालचं नाव

उंद्री, १७ डिसेंबर. दिवेलागण.

आज आमच्या शेताच्या धुऱ्यावरच्या सायबबाबाची नातलग आली, थेट विलायतेहून. इंग्रज-मराठ्यांच्या जुन्या लढाईत मेलेला गोरा शिपाई तो. आम्ही त्याला गुरांचा राखणदार मानतो. पंजोबांपासून त्याच्या थडग्याच्या दगडाला शेंदूर लावतो, त्यातच त्याचं नाव बुजलं. काल निरोप आल्यापासून मला एकच धास्ती, की शेंदूर पाहून बाई भडकणार. थडगं बाटवलं म्हणाली तर?

बाईंनी चपला काढल्या. शेंदरावरून बोटं फिरवत एकेक अक्षर वाचलं. बोटं लाल झाली. सोबतच्या खामगावच्या ड्रायव्हरने विचारलं, "बाबाजी, बाई विचारून राह्यल्या, शेंदूर काऊन लावता?"

मी घाबरतच म्हणालो, "राग नका मानू म्हणा. गुरं राखते हो तो आमची. वासरू हरवलं तर त्यालेच सांगतो."

त्याने ते सांगताच बाई मटकन खाली बसली. बराच वेळ बोलली.

ड्रायव्हर म्हणाला, "त्यायच्या घरात अजून सांगतात म्हणे. पलटणीत जायच्या आधी हा मेंढ्या राखे. मेला तवा मिसरूडही फुटलं नव्हतं."

हे आम्हाला कोणी सांगितलं होतं? कोणीच नाही. मग जुन्या माणसांनी गुरंच का सोपवली त्याच्यावर?

बाई गेली. बोटांचा शेंदूर तिने पुसला नाही.

आत्ता गुरं बांधली. रोज म्हणतो, "सायबबाबा, ध्यान ठेव." आज बाबा म्हणवेना. म्हणालो, "पोरा, ध्यान ठेव बरं."