राशीवरचा दगड

१२ जून
आलो एकदाचे! डोव्रे डोंगरावरची ही यात्रेकरूंची धर्मशाळा उन्हाळाभर माझ्या ताब्यात. निदारोसच्या मोठ्या चर्चकडे जाणारी जुनी वाट शेकडो वर्षं गवतात हरवली होती, ती पुन्हा चालती झालीये. लोक पायाला फोड घेऊन येतात, साच्यात भाजलेले गोड वाफल चापतात आणि सकाळी खुशीत निघतात. माझी सहा वर्षांची सिन्ने शेडमागे रमलीये. देवदाराच्या बोंडांना काड्यांचे पाय लावून तिने गायी केल्या. आता त्यांना गोठा हवाय.

१५ जून
ट्राउट मासे खारवून पिंपात भरले. वर दडपायला जड दगड हवा होता. खिंडीत यात्रेकरूंनी रचलेली दगडांची रास आहे. प्रत्येक जण घरून दगड आणतो, आपलं दुखणं त्यावर उतरवतो आणि तिथे ठेवून पुढे जातो. त्यातला एक निवडला. एवढ्या राशीतून एक गेला तर कोणाला कळतंय! सिन्नेने तो पोटाशी धरून आणला, मला हात लावू दिला नाही.

१८ जून
शेजारच्या कुरणावरची बोर्गिल्ड आजी कॉफीला आली. दगड पाहून तिने कप खाली ठेवला. "अगं बये, लोकांनी उतरवलेलं दुखणं घरात आणलंस? उचलेल त्याला चिकटतं ते!" मी म्हटलं, "आजी, मासे दगडाने दडपतात, दुखण्याने नाही." आजी हसली नाही. वाफल अर्धाच टाकून गेली.

१९ जून
सिन्ने डावा पाय ओढतेय. काटा नाही, सूज नाही. इथे उत्तरेत या दिवसांत रात्रीही अंधार पडत नाही. ती कण्हते आणि मी उजेडात येरझाऱ्या घालते.

२१ जून
डॉक्टरांना काही सापडलं नाही. आता तिला उभंही राहता येत नाही. आजी म्हणते, परत ठेवून उपयोग नाही. दुसऱ्याने मागून घेतलं तरच सुटतं. दुपारी एक धडधाकट यात्रेकरू आला, म्हणाला, काही उचलायचं असेल तर सांगा. क्षणभर वाटलं, देऊन टाकावा. लाज वाटली.
तो गेल्यावर सिन्नेला म्हटलं, दे मला. पिंपावरचा दगड उचलला.

२२ जून
सिन्ने पळतेय! माझा डावा पाय गेला. जाऊ दे. तिला बजावलंय, पिंपावरच्या दगडाला हात लावायचा नाही.

२४ जून
खिडकीपर्यंत सरपटत गेले. शेडमागे गोठा उभा आहे. भिंती गोल, गुळगुळीत दगडांच्या — खिंडीतल्या. फक्त पिंपावरच्या दगडाला हात लावू नको, असं मीच सांगितलं —
सिन्ने खोकतेय. रक्त.

आजी, तू हे वाचशील म्हणून लिहितेय. सिन्नेला इथून घेऊन जा. मी गोठ्याशी आहे. दे मला म्हणते, एकेक उचलते —
खोकला माझ्याकडे आला. ती बरी आहे.
दुसरा. डाव्या हाताची बोटं वळत नाहीत —
आणखी एक. आवाज गेला. ओठ हलतात, नुसतेच —
आता शेवटचा. डोळ्यांपुढे धुकं — पण सगळे घेतले. ती हसतेय, ऐकू येतंय. "आई, गोठा का मोडलास गं? थांब, मी नवे दगड आणते."
पावलं खिंडीकडे — मला हाक मारता —