मोहरीची पिशवी

खमरिया, जबलपूर
४ डिसेंबर २०२४

चि. दीपास,
अनेक उत्तम आशीर्वाद. फोनवर तू रडतेस, मी ओरडते, म्हणून आपलं पत्रच बरं.

तू कार्यक्रम करायला बडोद्याहून इथे येतेस, आनंद आहे. पण तो आहे तरी काय? नाटक नाही, नाच नाही, तोंडातून शब्द नाही. बाबा कॉलनीत तू नाटकात असतेस असंच सांगतात. वर माझा ब्लाउज मागतेस! माझा एक स्तन काढला हे आपल्या तिघांनाच ठाऊक. शेजारच्या कुंदालाही मी पित्ताच्या पिशवीचं ऑपरेशन सांगितलंय. बिचारी दोन वर्षं मला बिनतेलाची भाजी आणून देते. आता तू मला स्टेजवर मांडणार का? माझं तर डोकंच चालेना. ब्लाउज पाठवत नाही.

थंडी आहे, कान बांधत जा.
तुझी आई, शैलजा

बडोदा
११ डिसेंबर २०२४

ती. आईस,
शि. सा. न. वि. वि. तुझं नाव कुठेच येणार नाही. तू ब्लाउजमध्ये घालतेस तशी मोहरीची पिशवी मी लोकांसमोर शिवणार, कुर्त्यावर ब्लाउज चढवून त्यात बसवणार, काढणार, पुन्हा बसवणार. तासभर एवढंच. अर्थ विचारशील तर मलाही धड सांगता येत नाही. तुझ्या ऑपरेशनपासून आंघोळ करताना मी स्वतःला चाचपत राहते. हे गेलं तर मी कोण उरेन, या विचाराने घाबरते. तुला विचारायला धजत नाही आणि परक्यांपुढे जाऊन बसते, आहे की नाही उलटं!

तू नको म्हणालीस तर करणार नाही. रागावलीस तरी माया कमी करू नकोस.
तुझी दीपा

खमरिया
२३ डिसेंबर २०२४

चि. दीपास,
अनेक आशीर्वाद. मी उत्तर दिलं नाही, ते तू होकार म्हणून धरलंस. कार्यक्रमाला यायचंही माझं ठरलं नव्हतं. नाटक बघू म्हणून कुंदानेच ओढत आणलं.

अगं, तू पिशवी गच्च भरलीस! गच्च भरली की ती वर सरकते. तुझी सारखी गळ्याकडे येत होती आणि मागे कोणीतरी फिदीफिदी हसलं. मला राहवेना. स्टेजवर येऊन तुझी पिशवी काढली, पदराआडून माझी काढून तुझ्या हातात दिली आणि थोडी रिकामी ठेवायची असते म्हणून सांगितलं. मग लक्षात आलं मी कुठे उभी आहे ते. लोक टाळ्या कशाला वाजवत होते? आणि तू रडलीस तो कार्यक्रम होता की खरं? मला काही उमगलं नाही.

परतताना ऑटोत घमापूर आलं तशी कुंदा काहून लपवलं म्हणून जी भडकली! बिनतेलाच्या भाजीचा राग जास्त होता. नंतर माझा हात धरून बसली.

माझी पिशवी तुझ्याकडेच राहिली. कुरिअर नको करूस, घाई नाही. दुसरी शिवायला मोहरी काढली होती, ती फोडणीत टाकली. आज तशीच बाजारात गेले. एका बाजूला पदर सपाट. सारखा ओढून घेत होते. भाजीवाला भैया मेथी तोलताना नेहमीसारखंच दीदी म्हणाला.

पुढच्या वेळी घाबरलीस तर आधी मला विचार.
अजूनही गोंधळलेली,
तुझी आई