बारावा खिळा

३ जानेवारी १९३८, जळगाव

कापसाच्या जिनचं इंजन ठीक. सकाळी बेअरिंग तापलं म्हणून तेलवाल्याला दोन ठेवून दिल्या, मग लक्षात आलं की तेल द्यायचं काल मीच विसरलो होतो. त्याला चहा पाजला. तो प्यायला, पण तोंड फिरवून.

दुपारी लेथवर पितळेचा खिळा वळवला. आधीचे अकराही लोखंडी आहेत, दारच्या डाव्या खांबात एकाखाली एक. दर आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, शेटचं वर्षाचं भाडं पुरं झालं की माझा थोरला भाऊ नाना एक ठोकतो. हा शेवटचा, म्हणून पितळेचा. बायको यमुना म्हणाली, आखाजीला घराला चुना देऊ आणि त्या दिवशी मला कोणावर ओरडायचं नाही. म्हटलं, घर आपलं झाल्यावर मी ओरडेन कशाला? ती म्हणाली, सवय म्हणून. बया फारच बोलते.

१५ जानेवारी

शेटच्या पेढीवर भाडं भरायला गेलो, पाच रु. दिवाणजीला म्हटलं, आखाजीला बारा वर्षं पुरी होतात, घर मोकळं करून द्यायचा कागद तयार ठेवा, मला खाडा करून यायला जमत नाही. तो हसायला लागला. आधी वाटलं, थट्टा करतोय.

म्हणाला, "आणि मुद्दल?"

कसलं मुद्दल? म्हणे पाचशे. मी म्हटलं, शेटकडून घरावर उचललेले पाचशे कधीच फिटले, महिन्याला पाच मोजतोय बारा वर्षं. तर म्हणतो, ते घरात राहिलास त्याचं भाडं. पाचशे जसेच्या तसे उभे आहेत. आखाजीपर्यंत एकरकमी आणलेस तर घर तुझं, नाहीतर शेटचं कायमचं.

माझं डोकं सणकलं. गादीवरून त्याची कॉलर धरून उठवला. पेढीवरच्या दोघांनी मागून धरलं. बाहेर येऊन पाहतो तर पाच रु. तिथंच राहिलेले. पावती नाही. परत गेलो नाही, गेलो असतो तर त्याचा जीव घेतला असता.

१६ जानेवारी

रविवार. सकाळी नानाला सांगितलं. तो ओट्यावर दाढी करत होता. ऐकून घेतलं आणि वस्तरा तसाच चालवत राहिला.

मग म्हणाला, "बारा साल भरात का सुटनूत."

मी म्हटलं, हे तुला सांगितलं कोणी? शेटनं? वकिलानं? तर कोणीच नाही. नाना विशीत धरणगावकडे एका पाटलाकडे सालदार होता. आमच्या वडिलांच्या, आबांच्या, आजारात पाटलाकडून पैसे उचलले होते, ते त्यानं तीन सालं राबून फेडले. दर आखाजीला पाटील गोठ्याच्या खांबावर एक खाच पाडायचा. तिसरी खाच पडली आणि नाना मोकळा झाला. ह्या कागदात बारा वर्षं लिहिली आहेत एवढं त्याच्या कानावर पडलं आणि तो धरून चालला की हेही तसंच. सालं भरायची, सुटायचं.

कागदावर अंगठा नानाचा, सही माझी. मोडी मला येत नाही, बाळबोध येते. दिवाणजीनं तेव्हा भराभर वाचून दाखवलं होतं. मला इंजनावर जायची घाई होती.

ओरडलो, अरे, ते तुझ्या अंगमेहनतीनं फिटलं, इथं कोण राबतंय? घर राबतंय का?

तो म्हणाला, "मी तीन साल राबनू, सुटनू. आते कसा सुटाव नही?"

परत परत तेच. मग मी त्याच्या तोंडात मारली, मुठीनं, सख्ख्या थोरल्या भावाच्या. त्यानं मला उचलून भिंतीवर आपटलं. तो प्रेसवर रुई तुडवणारा माणूस, त्याच्यापुढे माझं काय चालणार? वस्तरा खाली पडला होता तो यमुनेनं पायाखाली धरला, नाहीतर आज एक जण गेलाच होता. नानाचा एक दात पडला. तो त्यानं धुऊन कोनाड्यात ठेवला.

२३ जानेवारी

मोटारीनं धुळ्याला. यमुनेचा भाऊ देवपुरात एका वकिलाकडे कारकून आहे, त्यानं गाठ घालून दिली. वकील म्हातारे, सुपारी कातरत ऐकत होते. कागद वाचून झाल्यावर म्हणाले, ही मुदतखरेदी आहे. तुम्ही घर शेटना विकलंत आणि बारा वर्षांत पाचशे परत केलेत तर ते तुम्हाला परत विकतील, एवढाच करार. मधल्या काळात तुम्ही तुमच्याच घरात भाडेकरू. भाडं म्हणजेच व्याज. शेकडा बारा.

म्हटलं, मग मी भरले ते सातशे कुठं गेले?

म्हणाले, "ते राहण्यात गेले. घर घेण्यात एक पैसा गेला नाही."

भाडेचिठ्ठीत आणखी काय काय आहे तेही वाचलं. घरपट्टी भाडेकरूनं भरायची. धाब्याच्या छतावर माती, भिंतींची डागडुजी, पन्हाळी, सगळं भाडेकरूनं. मी दर वैशाखात डोक्यावरून माती वाहिली ती शेटच्या घरासाठी. मागच्या खोलीचा लाकूडफाटा यमुनेचे हातातले गोठ मोडून घातला, तोही त्याचाच.

कायद्यानं काही सुटका? शेतकऱ्यांना आहे. शेतकरी असतो तर कोर्टानं सगळा हिशोब पहिल्यापासून उघडला असता. "तुम्ही पगारी इंजनवाले." मी म्हटलं, आमचा बाप शेतकरीच होता. ते म्हणाले, बापानं कागद केलेला नाही.

फी घेतली नाही. त्याचाही राग आला. परत येताना पारोळ्याला कंडक्टरशी भांडलो, कशावरून ते आठवत नाही.

६ फेब्रुवारी

जमवाजमव. यमुनेची सोन्याची पुतळी, माझी सायकल, तांब्याचा हंडा विकला. एकशे चाळीस. जिनच्या मॅनेजरनं दोन महिन्यांचा पगार उचल द्यायला नाही म्हटलं. त्याच्या टेबलावरचा पेला फोडला. पगारातून कापणार.

आज पाट्यावर बसल्या बसल्या यमुनेनं एक गोष्ट काढली. एकतीस साली भुसावळला रेल्वेत फिटरची जागा मिळत होती, पगार इथल्या दीडपट, शिवाय राहायला खोली. मी गेलो नाही. का, तर घराचे पाच खिळे झाले होते, आता सोडून कसं जायचं? धाकट्या लेकीला इंग्रजी शाळेत घातली नाही. नानानं बायको गेल्यावर दुसरं लग्न केलं नाही, म्हणे घर फिटू दे. हे सगळं दिवाणजी कुठं धरतो? पाचशेत धरतो का? ती वाटण वाटत बोलत होती आणि मी ऐकत होतो. शेवटी वरवंटा घेऊन अंगणात फेकला. उचलून तिनंच आणला.

१२ मार्च

शनिवार, बाजारचा दिवस. आम्ही दोघे भाऊ कामावर. शेटचा माणूस घर बघायला आला होता. काठीनं खांब ठोकून बघितले, कुठला सागवान, किती जुना. मग आत शिरून चुलीजवळची भिंत मोजायला लागला. यमुनेनं दोनदा सांगितलं, बाहेर हो. तो म्हणाला, बाई, दोन महिन्यांनी तूच बाहेर होशील.

तिनं मुसळ घातलं. शेजारणी सांगतात, ती म्हणत होती, "मना घरले हात लावू नको," आणि मारत होती. त्याची कवटी फुटली नाही हे नशीब. उंबऱ्यावर रक्त. मी आलो तेव्हा ती राखेनं घासत होती. माझ्यापेक्षा रागीट बाई ह्या घरात आहे हे मला आज कळलं.

चौकीवर मिटवायला पंचवीस लागले. एकशे चाळीसमधून.

२ एप्रिल

हात शाईनं भरलेत. तरी लिहितो.

हंगाम संपत आला. आज प्रेसवर शेटच्याच गाठी होत्या. दिवाणजी वजनाला आला. नाना पेटीत उतरून रुई तुडवत होता. दिवाणजी काठावर वाकला आणि सगळ्या गड्यांसमोर म्हणाला, आखाजीला किल्ली तयार ठेव रे, आणि ते खिळे काढून घे, खांब खराब होतो.

नानानं त्याचं उपरणं धरलं आणि आत ओढलं. स्वतः बाहेर उडी मारली. पेटीची दारं लागलेली होती, खालून रुई दाबणारा दट्ट्या वर यायला सुरुवात झाली होती.

मी इंजनाजवळ. गडी लोखंडावर घण मारायला लागले, म्हणजे बंद कर. मला खिडकीतून सगळं दिसत होतं. दिवाणजीची लाल पगडी रुईत गेली. हात वाफेच्या चाकावर होता. फिरवला नाही. नाना काठावर उभा राहून माझ्याकडे बघत होता. हाक मारत नव्हता, नको म्हणत नव्हता, नुसता बघत होता. मला बरं वाटत होतं. खोटं कशाला लिहू, पाणी प्यायल्यावर वाटतं तसं बरं वाटत होतं.

मग आतून दिवाणजी ओरडला आणि मी चाक फिरवलं.

दोन बरगड्या आणि उजवा हात. जिवंत आहे. बाहेर काढताना मला म्हणाला, आई गं. मला म्हणाला की आईला, कोण जाणे.

४ एप्रिल

पोलीस अजून आलेले नाहीत. नाना जेवत नाही. यमुना सारखी दाराशी.

५ एप्रिल

पोलीस आले नाहीत. शेट स्वतः आले, टांग्यातून. ओट्यावर बसले, पाणी मागून घेतलं. आवाज एकदम मऊ. म्हणाले, गोविंदा, मी चौकीवर अपघात म्हणून सांगितलंय. पाय घसरला. दिवाणजीही तसंच सांगेल, माझ्या शब्दाबाहेर नाही. नानाला तुरुंगात घालून मला काय मिळणार?

मग बोलले. नवा कागद. दवाखान्याचे धरून मुद्दल सहाशे. भाडं महिना सहा. मुदत आणखी बारा वर्षं. आखाजीला दुपारी मी कागद घेऊन येतो. सही झाली की पाय घसरला होता. नाही झाली तर नाही.

मी म्हटलं, घराबाहेर व्हा. ते हसले. "घर कोणाचं, ते आखाजीनंतर बोलू."

नाना आतून सगळं ऐकत होता.

१७ एप्रिल

जिन बंद झालं. पुढं काम पावसाळ्यानंतर.

हिशोब केला. सहानं बारा वर्षं म्हणजे आठशे चौसष्ट. आधीचे सातशे वीस. वर सहाशे उभेच. पाचशे घेतले त्याचे बावीसशे जातील चोवीस वर्षांत, घरपट्टी आणि माती सोडून. तेव्हा नाना सत्तरीला टेकलेला असेल. पूर्वी कोणी मला हे असं मांडून दाखवलं असतं तर मी त्यालाच बडवला असता, की आमच्या घरात अपशकुन बोलतोस. हेही खरं.

यमुना म्हणते, सही करू नका, भाड्याची खोली बघू, शंभरेक उरलेत. मी म्हटलं, आणि नाना? ती म्हणाली, ते माझे वडील असते तर मनातलं बोलले असते, दीर आहेत म्हणून बोलता येत नाही.

२९ एप्रिल

नानाशी तीन आठवड्यांनी बोललो. म्हटलं, तू काय म्हणतोस? मी सही करत नाही म्हटलं तर तू आत जाशील. वर्षं पडतील.

म्हणाला, "कितला साल?"

मी म्हटलं, पाच, सात, मला काय माहीत.

त्यानं विचार केला. म्हणाला, ती तरी भरली की सुटतात ना. मला रडू आलं, आणि त्याला मारावंसंही वाटलं. दोन्ही केलं नाही. उठून घराच्या मागं गेलो आणि कुऱ्हाडीनं बाभळीचा ओंडका फोडत बसलो, जळण भरपूर असताना.

आखाजी

गल्लीत झोके बांधलेत, पोरी सकाळपासून गाणी म्हणतायत. घागर पुजली. यमुनेनं पुरण घातलं, आमरस केला. चुना दिलेला नाही.

सकाळी उठून बघतो तर तिनं माझी पक्कड घेऊन अकराही खिळे उपटून काढलेले. गंजलेले, वाकडे. मी म्हटलं, हे काय? म्हणाली, आपण आणलेलं एवढं तरी आपल्याबरोबर नेऊ. खांबावर अकरा भोकं, त्यातून भुसा गळतोय. मी बोट घालून बघितलं.

जेवणं झाली. नाना अंघोळ करून, नवं धोतर नेसून बाहेर आला. एका हातात हातोडा, एका हातात पितळेचा खिळा. खांबापुढं उभा राहिला. भोकं बघितली. यमुनेकडे बघितलं नाही. मग मान वळवून उजव्या खांबाकडे बघितलं आणि हात फिरवला, लाकूड कसं आहे ते बघतात तसा.

म्हणाला, "हाऊ खांब रिकामा शे."

मी त्याच्या हातून हातोडा हिसकावून घेतला. त्यानं दिला. खिळा नाही दिला, मुठीत धरून उंबऱ्यावर बसलाय.

टांगा कोपऱ्यावर आलाय, घुंगरू ऐकू येतात. शेट आहेत आणि मागच्या बाजूला हात गळ्यात बांधलेला दिवाणजी. यमुनेनं धाकटीला शेजारी पाठवलं आणि मुसळ भिंतीला टेकवून ठेवलं. शेट खाली उतरून माझ्या नावानं हाक मारतायत. हातोडा माझ्या मांडीवर आहे. नाना माझ्याकडे बघतोय, त्या दिवशी प्रेसच्या काठावरून बघत होता तसाच.