ते मन्हं रडनं व्हतं

शहादा, ९ डिसेंबर २०२५

चि. नवनीत यास ताईचे भरभरून आशीर्वाद.

फोन उचलत नाहीस, म्हणून लिहिते. नंदुरबारला तुमचा सिनेमा दाखवला. धनुकाकू नवं लुगडं नेसून, गल्लीतल्या बाया घेऊन गेल्या. तुझ्या शब्दाखातर मिरची निवडणाऱ्या बाईचं काम केलं, हे सगळ्यांना सांगत होत्या. पडद्यावर त्या मिरचीच्या ढिगाशी बसून ढसाढसा रडताना दिसल्या आणि वर निवेदकाचा आवाज आला, की दारुडा नवरा सोडून गेला म्हणून ही रडते. काकूंनी तोंडावर पदर घेतला. घरी एवढंच म्हणाल्या, "ते मन्हं रडनं व्हतं, पिच्चरनं नही."

तुमचं शूटिंग झालं तेव्हा चुडामणकाकांना जाऊन वर्षही झालं नव्हतं. आणि काकांनी कधी दारूला बोट लावलं होतं का रे? तुझ्यासाठी ठेचा करून ठेवलाय, पण पाठवत नाही.

रागावली तरी तुझीच,
चेतनाताई

पुणे, १७ डिसेंबर २०२५

ती. सौ. चेतनाताईस शि. सा. नमस्कार वि. वि.

कॅमेरा माझा, संकलनही माझंच. दोष ढकलायला दुसरा कुणी नाही. मिरचीच्या बाजारात शूटिंग चाललं होतं; जेवणाच्या सुट्टीत, काका इथंच मिरची घेऊन यायचे, असं सांगता सांगता काकूंना रडू आलं. मी उठून जवळ जायला हवं होतं. मी कॅमेरा चालूच ठेवला. पुढे दिग्दर्शक धर्मेंद्रला रडण्याचं दृश्य हवं होतं, त्यासाठी नटी बोलावून पुन्हा शूटिंग करण्याची ऐपत नव्हती. मी काकूंचा आवाज पुसला आणि वर दारुड्याची गोष्ट बसवली. तेव्हा काही वाटलंसुद्धा नाही, याची जास्त लाज वाटते.

काल ते दृश्य काढलं. धर्मेंद्र भडकला, म्हणाला, महोत्सवात सिनेमा घेतला तो त्या दृश्यामुळेच. मी सांगितलं, हवं तर सिनेमातलं माझं नाव काढ, पण ते दृश्य परत येणार नाही. काकूंपुढे यायला तोंड नाही.

माया आटू देऊ नकोस,
नवनीत

शहादा, २६ डिसेंबर २०२५

चि. नवनीत यास आशीर्वाद.

पत्र काकूंना वाचून दाखवलं. त्यांनी विचारलं, पुसलेला आवाज कुठे जातो? मूळ चित्रण तुझ्याकडे असेल, असं मी म्हटलं. तर म्हणाल्या, त्या दिवशी मी ह्यांच्याबद्दल काय काय बोलले ते मला आठवत नाही, मला ऐकायचंय. कुणाच्या हाती पाठवू नको म्हणाल्या. तू स्वतः आणायचं, त्यांच्याशेजारी बसून पूर्ण बघायचं आणि मान खाली घालायची नाही.

वाट बघतोय दोघी,
चेतनाताई