ओतूरला जायचंय, आधी टायर

६ जाने. २००८, रवि.
आज व्हॅनवरचं कव्हर काढलं! अकरा महिन्यांनी. लेथवर काम करताना सु.च्या (माझ्या नवऱ्याच्या) उजव्या डोळ्यात लोखंडाची किरच गेली, तेव्हापासून गाडी जागची हलली नव्हती. डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलंय, एका डोळ्यावर ड्रायव्हिंग नाही. कव्हरवर आंब्याचा पाला, खाली मांजरीचा संसार.
परवा माझं पक्कं लायसन्स आलं पोस्टाने. तेव्हा आज मी. सु. शेजारी. बदलापूर गावापर्यंत गेले आणि परत आणली. तिसरा गिअर फक्त एकदा टाकला. घरी आल्यावर सु. उकिडवा बसून चारही टायर अंगठ्याने दाबत फिरला. बाजूंना भेगा पडल्यात, उभं राहून राहून रबर तडकलंय. मग म्हणाला, "वैशाली, ओतूरला गाडी तूच चालवशील. पण या टायरवर नाही."
गाडी तूच चालवशील!!
जेवायला काय केलं होतं तेही आता आठवत नाही.

७ जाने., सोम.
ओतूरचं असं: आईंची (सासूबाईंची) थोरली बहीण, अनसूयामावशी, तिथे असते. ऐंशीच्या पुढे. आता उठवत नाही, निरोप आला, "एकदा येऊन जा." आईंचा मणका गेलेला, एसटीत बसवत नाही. म्हणून २६ तारखेची सुट्टी अधिक रविवार. सगळे मिळून व्हॅनने.
प्रकाश भावजींचा अंबरनाथहून फोन. "वहिनी, माळशेज घाट आहे तो, बाजारात जाऊन येण्यासारखं नाही. गाडी मी घेतो. आणि टायरला एवढं काय, जुन्यावरच नवं रबर चढवून रिमोल्ड करा."
मी "बघू" म्हटलं. मनात म्हटलं, बघाच.

८ जाने., मंगळ.
मी लॅबमधून आल्यावर सु.ने टायर वाचायला शिकवला. १६५ म्हणजे रुंदी. ८० म्हणजे रुंदीच्या ऐंशी टक्के उंची. १३ म्हणजे आतल्या रिमचा व्यास, इंचात. पुढचा आकडा वजनाचा, म्हणजे एक टायर किती भार पेलणार. आठ माणसं बसणार, सामान वर, तो आकडा कमी चालणार नाही.
मी इतकी वर्षं रक्ताच्या बाटल्यांवरची लेबलं वाचतेय आणि दारातल्या टायरवर एवढं लिहिलंय ते कधी दिसलंच नाही.
पल्लू (आमची लेक, यंदा दहावी, अभ्यास सोडून सगळं करते) मासिकातून फोटो कापून घेऊन आली. चकचकीत अलॉयची चाकं. "मम्मी, हे! प्लीज! आपली गाडी डबा दिसते, डबा."
फोटो बघून मलाही मोह पडला. खोटं का लिहू.

१३ जाने., रवि.
कॅम्प २चा बाजार. आम्ही तिघं. लछूभाईंचं टायरचं दुकान. पुढे टायरच्या चळती, मागे भिंतभर अलॉय लटकलेले, देवघरासारखे. पल्लू तिथेच खिळली.
लछूभाई सु.शीच बोलत होते. "साईं, ये चौदा इंची लो. चौडा टायर, रोडला चिकटून चालणार. गाडीची शानच बदलेल."
सु. म्हणाला, "इनसे बात करो. गाडी ये चलाती हैं."
लछूभाईंनी माझ्याकडे पाहिलं. मग खुर्ची पुढे केली, चहा सांगितला.
मी विचारलं, भरलेल्या गाडीत हे चाक वर मडगार्डला घासणार नाही का? "बिलकुल नहीं, भाभीजी." म्हटलं, मग लावून बघू. पुढची दोन लावली. काय दिसली गाडी! पल्लू टाळ्या वाजवायला लागली. मीही आतून वाजवत होते. मग सु. म्हणाला, आता भरा. म्हणजे माणसं. लछूभाई, त्यांचा भाऊ, दोन फिटर, शेजारचा पडदेवाला, पल्लू, सु., सगळे आत कोंबले. मी स्टिअरिंग पूर्ण डावीकडे वळवून हळूच पुढे घेतली.
घर्रर्र.
पुन्हा उजवीकडे. घर्रर्र. पडदेवाला हसून हसून लाल.
शिवाय तो रुंद टायर बुटका. खड्डा लागला की हादरा सरळ वर. मला आईंचा मणका दिसत होता. दुकानासमोरच्याच खड्ड्यात घालून बघितली, दात वाजले.
नको म्हटलं. पल्लूचं तोंड एवढंसं. माझंही जरासं.
ठरलं: उंच बाजूचा तेराचाच टायर, चार नवे, पाचवा स्टेपनीला. रिम आपल्याच, लोखंडी. लछूभाई म्हणाले, माल पुढच्या रविवारी.

१६ जाने., बुध.
सु.ने पाचही चाकं काढली, जुन्या टायरसकट. अंगणात. एका दांड्यावर रिम अडकवून फिरवायची आणि कडेजवळ खडू स्थिर धरायचा. जिथे रिम वाकडी तिथे खडू घासतो, पांढरी रेघ उठते. लेथवर असंच करायचा म्हणे. दोन रिम वाकड्या निघाल्या. एक ठोकून सरळ झाली, दुसरी गेली कामातून, तिच्या जागी भंगारातून एक आणली.
वर्षभर हा माणूस कंपनीच्या स्टोअरच्या काउंटरवर बसून हत्यारं देतो आणि घेतो. घरी आल्यावर गप्प. आज डावा डोळा बारीक करून, खडू धरून, ओरडत होता, "पल्लू, फिरव! अजून! थांब!"
मी दारात उभी राहून भाजी निवडत होते. किती वेळ तीच गवार निवडत होते कोण जाणे.

१८ जाने., शुक्र.
रिम घासून पल्लूने प्रायमर मारला. रंग कोणता यावर अर्धा तास वाद. ती म्हणे चंदेरी, सु. म्हणे काळा, मळ दिसत नाही. आई पलंगावरून म्हणाल्या, "निळा लावा. चांगला ठसठशीत निळा." विषय संपला.

२० जाने., रवि.
आजचं सगळं लिहायलाच हवं.
कॅम्प २, लछूभाई. जुन्या टायरवरच हळूहळू नेली गाडी. माल आला होता. पाच टायर, नवेकोरे, केसाळ रबर, वास मस्त. फिटर मशीनवर चढवणार, तेवढ्यात मी म्हटलं, थांबा. सु.ला कंपनीच्या गाड्यांचं बघणाऱ्या साहेबांनी सांगितलं होतं, बाजूवर शेवटी चार आकडे असतात, पहिले दोन आठवडा, पुढचे दोन वर्ष. वरच्या बाजूला सापडेनात. मी टायर उलटा केला. साडी सांभाळत, गुडघे टेकून. सापडले. ३२०४.
म्हणजे २००४चा बत्तिसावा आठवडा. साडेतीन वर्षं गोडाउनात पडलेला.
दुसरा उलटा केला. तोच. तिसरा, चौथा, पाचवा, तोच.
"लछूभाई, हे नवे आहेत?"
"एकदम नया, भाभीजी. एक किलोमीटर नहीं चला."
"चला नहीं, पण म्हातारा झालाय. लॅबमध्ये मी तारीख गेलेलं औषध वापरलं तर रिपोर्ट चुकतो. इथे चुकलं तर घाटात आठ माणसं."
आवाज माझा थोडा मोठाच झाला. सु. मध्ये पडला नाही, भिंतीला टेकून उभा होता. लछूभाईंनी चष्मा लावला, स्वतः वाकून आकडे बघितले. मग फिटरला सिंधीत काहीतरी बोलले, रागाने नाही. दीड तास बसलो. दुसऱ्या गोडाउनातून पाच टायर आले. लछूभाईंनी स्वतः एकेक उलटा करून माझ्यासमोर धरला, "पढो." ४४०७. ४४०७. ४५०७. पाचही तीन महिन्यांच्या आतले.
"इतने साल में किसीने टायर पलटाके नहीं देखा," म्हणाले. मला की स्वतःला, कळलं नाही. पण निघताना दुकानाच्या पायरीपर्यंत आले.
निळ्या रिमवर काळे टायर. बॅलन्सिंग, अलाइनमेंट, सगळं करून घेतलं. येताना स्टिअरिंग लोण्यासारखं फिरत होतं. शिरगावजवळ चौथा गिअर टाकला. पल्लू म्हणाली, "मम्मी, अलॉयपेक्षा भारी."

२२ जाने., मंगळ.
भावजींचा पुन्हा फोन. "घाटात पंक्चर झालं तर काय करणार, वहिनी?"
बरोबर प्रश्न होता. म्हणून आज संध्याकाळी अंगणात जॅक, पाना, स्टेपनी. सु.ला सांगितलं, हात लावायचा नाही. पहिल्यांदा एक्केचाळीस मिनिटं. नट हलेनात, शेवटी पान्यावर उभी राहिले. चाळीतल्या बायका ओट्यावर येऊन बसल्या, कोणीतरी शेंगदाणे आणले. दुसऱ्यांदा तेवीस मिनिटं. तिसऱ्यांदा सतरा, आणि टाळ्या.
भावजींना आता उत्तर आहे.

२४ जाने., गुरु.
ड्युटीआधी चामटोलीला जाऊन आले. मुद्दाम खराब रस्ता. आई मधल्या सीटवर, पाठीला उशी. हवा कंपनीने सांगितली तेवढीच. दगड, चर, म्हशींच्या गोठ्यापुढचा चिखल, सगळ्यावरून नेली. परत येऊन विचारलं, "आई, दुखलं?"
"मी झोपले होते," म्हणाल्या.
उड्या मारायच्या बाकी ठेवल्या मी.

२५ जाने., शुक्र.
भावजी, मंदा (जाऊ) आणि त्यांची दोन पोरं राहायला आली. भावजींनी गाडीभोवती फेरी मारली. "निळी चाकं?" एवढंच. जेवताना म्हणाले, मुरबाडपर्यंत वहिनी घेतील, पुढे मी. मंदा मला भाकरी वाढताना डोळ्यांनी काहीतरी म्हणाली.
भीती वाटतेय का? वाटतेय. पण परीक्षेसारखी नाही. लग्नाच्या आदल्या दिवशीसारखी.

२६ जाने., शनि. ओतूर, संध्याकाळ
पोचलो. मी आणली.
मुरबाडला भावजी म्हणाले, "द्या आता." मी म्हटलं टोकावड्यापर्यंत नेते. टोकावड्याला चहा. चहा संपला तसा भावजींनी हात पुढे केला, किल्लीसाठी. माझा हात पर्समध्ये गेलाही होता. सु. म्हणाला, "प्रकाश, मागे बस."
आवाज चढवला नाही. भावजी मागे बसले.
घाट. डोंगर वाळलेल्या गवताने पिवळे, खाली दरी, माकडं कठड्यावर. बरंच बरं चाललं होतं. एका चढाच्या वळणावर पुढचा ट्रक थांबला. मीही थांबले. ट्रक निघाला, मी क्लच सोडला, आणि गाडी मागे. हातभर असेल. मागे पोरं किंचाळली. हँडब्रेक ओढला. क्लचचा जळका वास. भावजी, "वहिनी, उतरा! मी—"
सु. शेजारून, अगदी हळू, "घाई नाही. रेस दे. अजून. गाडी पुढे ओढतेय, कळतंय? आता सोड."
सोडला. टायरनी रस्ता पकडला. मला पाठीतून, सीटमधून कळलं, पकडला! वर गेली गाडी. बोगदा पार झाल्यावर कडेला घेतली आणि उतरून नुसती उभी राहिले. वारा केवढा. मंदा आली आणि गच्च मिठी मारली.
भावजी चाकांकडे बघत म्हणाले, "टायरची पकड चांगली आहे."
मंदा म्हणाली, "हो ना. टायरनीच चालवली गाडी."
सगळे हसले. मग तेही.
अनसूयामावशी बाजेवर होती. आई तिच्या शेजारी बसल्या. दोघींनी एकमेकींचे हात धरले आणि बराच वेळ कोणाचं काय दुखतं तेच सांगत राहिल्या. मी बाहेर येऊन चाकांवरची धूळ पुसली. उगाच.

२७ जाने., रवि., सकाळ
मावशीला उठवत नाही म्हणे! पहाटे दोघी बहिणी अंघोळ करून, नवी लुगडी नेसून व्हॅनच्या मधल्या सीटवर जाऊन बसल्या होत्या. मावशीला तिच्या नातवाने उचलून ठेवलं, तिनेच बोलावून घेतलं त्याला.
"माहेरी ने," मावशी मला म्हणाली. "तुजी गाडी हाय म्हनं."
त्यांचं माहेर इथून पुढे, डोंगराकडे, एक वाडी. भाऊ गेला तेव्हा दोघी शेवटच्या गेल्या होत्या, पल्लूच्या जन्माआधी. आता तिथे घरही असेल की नाही, माहीत नाही. आई म्हणाल्या, "घर नको. विहीर बघायची."
भावजी म्हणाले, आज परतायचंय, घाट उतरायचाय. मग स्वतःच सामान टपावरून खाली काढायला लागले, गाडी हलकी व्हावी म्हणून.
निघालो. मी, सु., दोघी. डांबर संपलं तिथून पुढे दगडांची वाट. निम्मी वाट हळूहळू आले. आता समोर ओढा, पाणी घोट्याएवढं, पण गोटे मोठे. पलीकडे बैल नेणाऱ्याला विचारलं, गाडी जाते का? "जीप जाती. ह्यो डबा जाईल का, न्हाय सांगता येत."
इंजिन बंद करून बसलेय. वही पर्समध्ये होती म्हणून लिहितेय, नाहीतर नखं खाल्ली असती. सु. पँट वर करून ओढ्यात उतरलाय. काठीने एकेक गोटा हलवून बघतोय, चाकं कुठून जातील ते. मागे दोघींची कुजबुज चालू आहे, विहिरीत कोण कोण पडलं होतं त्याची.
सु. पलीकडे पोचला. हात वर केलाय. ऊन डोळ्यांवर येतंय, तो "या" म्हणतोय की "थांब", इथून मला कळत नाही.
मागून दोघी एकदम: "या म्हनतोय! या म्हनतोय!"