संदर्भ खोलीची आणि माझ्या घराची विल्हेवाट

मंगळवार, दिनांक ११ फेब्रुवारी २०२५ रोजी सकाळी दहा वाजून चाळीस मिनिटांनी शहराच्या सार्वजनिक वाचनालयातील संदर्भ खोली टेम्पोत भरून रद्दीवाल्याकडे रवाना झाली. टेम्पो माझ्या दारावरून गेला. मी गॅलरीत चहा पीत उभी होते. ढिगाच्या सगळ्यात वर सभावृत्तांताची लाल वही पडली होती. तिचा कणा मी स्वतः शिवला आहे. म्हणून हे मृत्युपत्र.

मी, सदर वाचनालयाची निवृत्त ग्रंथपाल, वय वर्षे चौऱ्याहत्तर, अविवाहित, हे कोणाच्याही दडपणाखाली लिहीत नाही. माझ्यावर दडपण आणेल असा माणूस समितीत अजून निवडून आलेला नाही. डोके ठिकाणावर आहे. तसा दाखला डॉक्टरांनी दिला आहे. त्यांनी बावीस वर्षांपूर्वी नेऊन परत न केलेल्या पुस्तकाचे नाव मी सांगितले, तेव्हा त्यांची खात्री पटली. याआधीच्या मृत्युपत्रात मी घर वाचनालयाला दिले होते. ते रद्द.

कलम १. घर. कोणाला, ते शेवटी सांगते. अध्यक्ष कोणताही कागद शेवटपर्यंत वाचत नाहीत. हा वाचावा अशी इच्छा आहे.

कलम २. बँकेतील ठेव धाकट्या भावाला. "ताई, मला तुझं काही नको गं," असे तो दर भेटीत म्हणतो आणि पासबुक कुठल्या खणात असते ते विचारतो. डावीकडच्या.

कलम ३. पुस्तकबांधणीचा लाकडी चाप, दाभण, दोरा आणि सरसाचे भांडे भाचीला. ती दातांची डॉक्टर आहे, हात स्थिर आहे. "मावशी, दवाखाना सोडून सरस उकळत बसू का मी?" असे तिने विचारले. बस. पुस्तक निदान ओरडत तरी नाही.

कलम ४. राग. हा कोणाला द्यावा ते ठरेना, म्हणून इथेच मांडते. शाळेतल्या सिस्टर सांगत, रागावलीस तर आधी पेन्सिलीला टोक कर. केले आहे.

टेम्पो गेल्यावर मी तशीच चपला घालून वाचनालयात गेले. नवे ग्रंथपाल खुर्चीतून उठले, एवढे त्यांच्या बाजूने नोंदवते.

"मॅडम, यादी संगणकानं काढली. वीस वर्षांत एकदाही कोणी नेलं नाही, ते पुस्तक बाद. तसा ठराव आहे."

"अहो, त्या खोलीतलं काही बाहेर न्यायला मनाईच होती! प्रत्येकावर शिक्का आहे."

"हो ना. म्हणूनच कोणी नेलं नाही."

यावर बोलण्यासारखे काही उरत नाही. तरी मी अर्धा तास बोलले.

त्या खोलीत या शहराने स्वतःला कसे वाचायला शिकवले ते होते. वाचनालय एका शिंप्याच्या दुकानाच्या माळ्यावर सुरू झाले. कपडे तयार होईपर्यंत गिऱ्हाइकाने डोके खाऊ नये म्हणून त्याने दोन फळ्या पुस्तके ठेवली. मोठ्याने वाचतात म्हणून ज्या सभासदांना हाकलले, त्यांनी नाट्यमंडळ काढले. पुस्तकांऐवजी पेंढा भरलेले पक्षी आणि गंजलेल्या तलवारी देणगीत येऊ लागल्या, तेव्हा त्या ठेवायला संग्रहालय निघाले. भांडण, अडगळ आणि एक वैतागलेला शिंपी: आपली संस्कृती ती हीच.

अध्यक्षांना हे मानवत नाही. ("फीतकापे" हे नाव त्यांना मी ठेवलेले नाही, मी ते फक्त पसरवले.) "बाई, हे रोपटं आमच्या आजोबांनी लावलं," असे ते प्रत्येक भाषणात म्हणतात. लाल वहीत आजोबा एकदाच उभे राहून बोललेले आहेत. बायकांना सभासद करावे का, हा विषय होता. आजोबा म्हणाले, "बाया वाचायला लागल्या तर घरोघरी स्वयंपाक करपेल." ठराव त्यांच्या एका मताविरुद्ध मंजूर झाला. माझा स्वयंपाक आजही करपतो, तेव्हा माणूस अगदीच खोटा नव्हता.

आता माझा वाटा. तो शिक्का मीच मारला, एकतीस वर्षे. आत बसून वाचणाऱ्यांची नोंद ठेवावी, हे मला कधी सुचले नाही. ते माझ्या समोरच तर बसायचे. कागदावर मात्र त्या खोलीत कोणीच आले नाही. संगणकाने माझ्याच कागदावर विश्वास ठेवला. समिती मूर्ख आहे. मी हुशार असून मूर्खपणा केला.

रद्दीवाल्याकडे मी रडायच्या तयारीने गेले होते. गठ्ठे कोरड्या गोदामात, फळ्यांवर, भिंतीपासून हातभर लांब रचलेले होते. आमच्या खोलीत एवढी काळजी मीही घेतली नव्हती.

"लगद्यालाच जाणार होतं, मॅडम. वरची वही उघडली आणि बसलो वाचत. काय भांडायचे हो हे लोक! दुकान उघडायला उशीर झाला." मग वही मिटून, "हे कोणाचं आहे?"

"सगळ्यांचं."

"मग माझंही आलं की त्यात."

एकतीस वर्षांत हे मला कोणी विचारले नव्हते.

कलम ५. आता घर. संदर्भ खोली होती तिथेच (म्हणजे कॉफीचे यंत्र येणार आहे तिथे) पुन्हा उघडली, गठ्ठे अध्यक्षांनी स्वतः जाऊन मागून आणले, आणि झालेली चूक, माझ्या वाट्यासह, वाचनालयाच्या दारावर लावली, तर घर वाचनालयाला. नाहीतर घर रद्दीवाल्याला. पुढच्या खोलीत गठ्ठे राहतील, दार दिवसभर उघडे राहील, आणि ज्याला जे हवे ते घरी नेता येईल. मनाई मी उठवते.

कलम ६. अंमलबजावणी वकीलबाई करतील. शाळेत आम्ही एका बाकावर होतो. तिला घाबरावे.

साक्षीदार: खालच्या मजल्यावरचे निवृत्त पोस्टमास्तर (सही), समोरच्या शिवणकाम करणाऱ्या वहिनी (सही, "वाचून केली" असे त्यांच्याच हट्टाने)

स्थळ: माझे जेवणाचे टेबल. दिनांक ३ मार्च २०२५.
सही: निवृत्त ग्रंथपाल

प्रत अध्यक्षांस. आपले उत्तर लेखी, आपल्या सहीने, सोमवार दिनांक ३१ मार्च २०२५ रोजी सायंकाळी पाच वाजेपर्यंत माझ्या हातात पडावे. फोन, शाल आणि पुष्पगुच्छ हे उत्तर धरले जाणार नाही. पाच वाजून एक मिनिटाने वकीलबाई पाकीट बंद करतील. त्यानंतर मला समजवायला येऊ नये. मी जिवंतपणी कोणाचे ऐकले नाही, मेल्यावर ऐकेन या भरवशावर तर मुळीच राहू नये.