तिसऱ्या तोफेची ओळ

कळंबा, गुरुवार, २१ नोव्हेंबर

आप्पांच्या तोफखाना रेजिमेंटचा इतिहास छापून आलाय, इंग्रजीत. रविवारी शिवाजी पेठेत त्यांचे जुने सोबती जमणार, तिथं मला त्यातलं एका लढाईचं प्रकरण मराठीत वाचायचंय. आज घरी वाचून बघितलं. आप्पांचा उजवा कान तोफांनी कधीच नेलाय, म्हणून डावा माझ्याकडे करून बसले.

लढाईच्या शेवटी एकच ओळ आहे: सहाही तोफा सुखरूप परत आल्या. आणि माणसं? शाहूवाडीचे मारुतीकाका, आप्पांचे जोडीदार, तिसरी तोफ मागं आणताना गेले. त्यांचं नाव कुठंच नाही. मला रागच आला. म्हटलं, मी घालते.

"न्हाय घालायचं. पायदळाला झेंडा, तशी आमाला तोफ. ती माघारी आली की. मारुतीनंच आणली. त्यात समदं आलं."

एवढी वर्षं त्यांना हे पुरलं? खरंच? रविवारी मारुतीकाकांची मुलगी समोर बसणार आहे. तिनं त्या ओळीत बाप कुठं शोधायचा? की मीच उगीच शहाणपणा करतेय?

चहा झाल्यावर पुन्हा वाचायला घेतलं. त्या ओळीपाशी आले आणि न विचारता जोडलं, "तिसरी मारुतीनं आणली, तो आला नाही." आता ओरडतील म्हणून वर बघितलं.

आप्पा खिडकीबाहेर बघत होते. म्हणाले, "मला काय ऐकू आलं न्हाय. म्होरं वाच."

डावा कान माझ्याकडेच होता.